दीड फुटाचा एक सेकंद

दिवाळीच्या साफसफाईत आईनं माळ्यावरून मामाचा पत्र्याचा डबा खाली काढला आणि तिथून हे सगळं सुरू झालं. मामा तीस वर्षं ऑपरेटर होता, आमच्या पेठेच्या जवळच एक टॉकीज होती तिथं, आता ती नाही, तिथं गाळे झालेत. डब्यात काय काय निघालं तर फिल्म जोडायचं स्प्लायसर, फिल्म चिकटवायच्या सिमेंटची बाटली वाळून दगड झालेली, प्रोजेक्टरच्या दिव्यात जळणाऱ्या, तांबं चढवलेल्या कार्बनच्या कांड्यांचे बोटबोटभर तुकडे, रिळाच्या कातरणी, आणि एक काळीभोर पट्टी गुंडाळून रबर लावून ठेवलेली, बारा फूट तरी असेल. रिळाच्या पुढंमागं जोडतात तसला तुकडा, त्यावर चित्र नाही काही नाही. आंबूस वास येत होता, जुन्या फिल्मला येतो तसा, लोणच्याची बरणी उघडल्यासारखा. आई म्हणाली, "टाकायचं का गं हे?" मी म्हटलं राहू दे.

लहान असताना मी शाळा सुटली की मामाच्या केबिनमध्ये जाऊन बसायचो. (हो, मी बाई आहे आणि "बसायचो" असंच लिहिणार, कोल्हापूरच्या पोरी "मी आलो, मी गेलो" असंच बोलतात, त्याचा विषय पुढं येणारच आहे.) दोन मशिनी, मधे स्टूल, आणि भिंतीतल्या झरोक्यातून पडदा दिसायचा. माझं काम एकच, पडद्याच्या उजव्या कोपऱ्यात वर गोल टिंब चमकलं, म्हणजे रीळ संपत आलं आणि दुसरं मशीन चालू करायची वेळ झाली, की ओरडायचं. मामाला ते माझ्या आधीच दिसलेलं असायचं तरी तो माझ्या ओरडण्याची वाट बघायचा. आणि त्याची एक सवय मला पक्की आठवते, फिल्मची सुलटी बाजू तो ओठानं ओळखायचा. खालचा ओठ जिभेनं जरासा ओला करायचा, पट्टी त्यावर टेकवायची, चिकटली तर त्या बाजूला चित्राचा थर, नाही चिकटली तर ती नुसती चकचकीत बाजू. अंधारात बघायची गरजच नाही. म्हणजे ज्या माणसानं हजारो सिनेमे दाखवले त्याच्यासाठी सिनेमा ही आधी ओठाला लागणारी वस्तू होती.

हे सगळं डोक्यात असतानाच भाच्यानं एक लिंक पाठवली. तो आर्ट शिकतोय, असलं काहीतरी पाठवत असतो, मी निम्मं उघडतसुद्धा नाही, पण ह्याच्याखाली त्यानं लिहिलं होतं, "मावशी हे तुझ्या कामाचं आहे, अक्षरं आहेत." मी डीटीपी करतो, लक्ष्मीपुरीत, बावीस वर्षं झाली, लग्नपत्रिका, बिलबुकं, वार्षिक अहवाल, दिवसभर अक्षरंच. म्हणून उघडलं.

ताकाहिको ईमुरा. जपानी माणूस, टोकियोत १९३७ साली जन्मलेला, २०२२ ला वारला. आणि ती फिल्म म्हणजे व्हाइट कॅलिग्राफी, १९६७ ची. काळ्या पडद्यावर पांढऱ्या रेघा थडथडत येतात, नाचतात, जातात, आवाज नाही. पहिली दोन मिनिटं मला काही कळलं नाही. मग लक्षात आलं की ही अक्षरं आहेत. प्रत्येक फ्रेमवर एक चिन्ह, ह्यानं काळ्या १६ मिलिमीटर फिल्मवर हातानं ओरखडून काढलेलं, कॅमेराच नाही ह्यात कुठं. आणि मजकूर कुठला तर कोजिकी, इ.स. ७१२ मधला, जपानचा उपलब्ध असलेल्यांतला सगळ्यात जुना इतिहासग्रंथ, देवादिकांच्या आणि राजांच्या कथा. आपल्याकडं कुणी ज्ञानेश्वरी घेऊन बसावं आणि फिल्मच्या पट्टीवर एकेक अक्षर कोरत जावं, तसं.

आता मी माझ्या धंद्याच्या हिशोबानं सांगतो. १६ मिलिमीटर फिल्मची एक फ्रेम सुमारे साडेसात मिलिमीटर उंच. म्हणजे साधारण २१ पॉईंट. पत्रिकेत नवरा-नवरीचं नाव आम्ही जेवढं टाकतो ना, त्याच्याही आत जपानीत वापरतात तसलं एक आख्खं चिनी चिन्ह, बारा-पंधरा रेघांचं, टोकदार हत्यारानं, आणि चुकलं तर खोडायची सोय नाही. असं फ्रेममागून फ्रेम. हे बघून मी खुर्चीतून उठून गॅलरीत जाऊन उभा राहिलो थोडा वेळ.

मग जेवढं मिळेल तेवढं बघितलं आणि वाचलं, तीन-चार महिने तेच चाललंय रात्रीचं. ह्या माणसानं सुरुवात केली १९६० च्या आसपास, ८ मिलिमीटरच्या घरगुती कॅमेऱ्यावर. १९६२ च्या कुझु मध्ये, कुझु म्हणजे कचरा, टोकियो खाडीच्या किनाऱ्यावर वाहून आलेला केरकचरा आणि मेलेली जनावरं आहेत. त्याच सुमाराची आई नावाची फिल्म, जपानीत आई म्हणजे प्रेम, आपल्याला ते वाचताना वेगळंच काहीतरी वाटतं आणि मला ते फार आवडलं. त्यात माणसांची शरीरं इतक्या जवळून घेतलीत की कुठला भाग काय हे कळतच नाही, नुसती त्वचा, केस, घडी, एखाद्या डोंगराळ मुलखासारखी. आणि त्याला आवाज दिलाय योको ओनो ह्या जपानी कलाकार बाईनं, तिनं काय केलं तर मायक्रोफोन खिडकीबाहेर लोंबकळत सोडला आणि जे आलं ते रेकॉर्ड केलं. ह्याला संगीत म्हणायचं का ह्यावर माझं आणि भाच्याचं भांडण झालं. मी म्हणतो, म्हणायचं. तुम्ही रात्री अकरानंतर माझ्या खिडकीतून मायक्रोफोन सोडा, कुत्री, एखादी एसटी, कुणाच्यातरी घरातला टीव्ही, लांबून भजन, ह्याच्याइतकं ह्या गल्लीचं खरं काही नाही.

१९६३ ला तर त्यानं पडदाच बदलला. जिरो ताकामात्सु म्हणून चित्रकार, त्याला पाठमोरा बसवला, तो आरामात पेपर वाचत बसलाय, त्याच्या कोटाला पाठीवर चौकोनी भोक कापलं आणि त्या उघड्या पाठीवर फिल्म पाडली. त्या काळात टोकियोत शिम्बाशीला एक गॅलरी होती, आधी तिथं डॉक्टरचा दवाखाना होता म्हणून गॅलरीचं नावच त्या दवाखान्यावरून पडलेलं, नाइका, अशा जागांमधून ही मंडळी असलं काम करत होती, पैसा नाही, थिएटर नाही, जिथं भिंत मिळेल तिथं. तात्सुमी हिजिकाता म्हणून नर्तक, तो नाचायचा तेव्हा ईमुरा प्रेक्षकात बसून शूटिंग करत नव्हता, कॅमेरा घेऊन सरळ स्टेजवर चढायचा, नाचणाऱ्यांच्या मधे. त्यातल्या एका फिल्मचं नाव अन्मा, १९६३ ची. कॅमेऱ्याला चावी दिलेली, हात हलतोय, फोकस जातोय येतोय, पण तुम्ही त्या घामात असता. मला ती फिल्म बघताना तालमीतली माती आठवली, कडेला उभं राहून कुस्ती बघणं वेगळं आणि हौद्यात उतरणं वेगळं.

१९६६ ला तो अमेरिकेत गेला, मग काही वर्षं न्यूयॉर्क, मधे बर्लिन. आणि इथून त्याचं काम एकदम उघडंवाघडं होत जातं, शरीर गेलं, कचरा गेला, नाच गेला, राहिलं काय तर उजेड, अंधार आणि वेळ. १९७१ च्या शटर मध्ये त्यानं प्रोजेक्टर फिल्म न घालताच चालवला आणि पडद्यावर जो नुसता उजेड पडतो त्याचंच शूटिंग केलं, कॅमेऱ्याचा वेग बदलत बदलत. मामा असता तर त्याला हे लगेच कळलं असतं, कारण रीळ लावायच्या आधी तो तोच तर उजेड बघायचा, कार्बन नीट जळतोय का, कडेला पिवळट होतोय का. आपण प्रेक्षक त्या उजेडाला कधी बघतच नाही, आपण त्यातला हिरो बघतो.

ह्या टप्प्यातलं सगळं मला झेपलं असं नाही. काही फिल्म बसून बघणं अवघड आहे आणि मोबाईलवर तर त्या बघूच नयेत, अंधारी खोली पाहिजे. पण एक आहे, १९७३ ची, एक ते साठ सेकंद असं नाव. काळा पडदा आणि मधेमधे आकडे. आधी एक सेकंद, मग दोन सेकंद, मग तीन, असं वाढत वाढत साठपर्यंत. एक ते साठची बेरीज करा, १८३० येते, म्हणजे साडेतीस मिनिटं. सुरुवातीला पटापट जातं आणि पंधराव्यानंतर तुम्ही वाट बघायला लागता. चाळीसच्या पुढं वाट बघण्याचाच भाग मोठा होतो, आता आला पाहिजे, आता, अजून नाही, आणि तुमच्या लक्षात येतं की तुमच्या आतलं घड्याळ किती चुकीचं चालतंय.

हे वाट बघणं मला ओळखीचं आहे. किरणोत्सवाला मी दरवर्षी जातो, नोव्हेंबरात नाहीतर जानेवारीच्या शेवटी. मावळतीची किरणं महाद्वारातून आत येतात, गरुड मंडपातून पुढं सरकतात, गाभाऱ्याच्या दिशेनं. पहिल्या दिवशी अंबाबाईच्या पायाशी, मग वर छातीपर्यंत, मग मुखावर, असा तीन दिवसांचा क्रम मानतात. शेकडो माणसं श्वास रोखून जमिनीवरचा उजेडाचा एक पट्टा बघत असतात. कधी ढग येतो, कधी मधे नवीन बांधकामाची कड येते आणि उजेड अर्ध्या वाटेत विरतो, आणि तरी माणसं हललेली नसतात. मी ती फिल्म बघताना मला वाटलं की ईमुराला ह्या गर्दीत उभं करायला पाहिजे होतं, त्याला काही समजावून सांगावं लागलं नसतं.

आता त्या "बसायचो"चा विषय. १९७० नंतर ईमुरा व्हिडिओकडं वळला आणि तिथं त्याला एकाच शब्दानं पछाडलं, मी. १९७२ चा त्याचा एक व्हिडिओ आहे, तो स्वतःचं नाव सांगतोय, मी ताकाहिको ईमुरा आहे, पण ओठ आणि आवाज जुळत नाहीत, तोंड बंद असताना आवाज येतो, तोंड हलतं तेव्हा शांतता. मग १९७५-७६ च्या कामांत कॅमेरा आणि मॉनिटर समोरासमोर, बघणारा कोण आणि ज्याला बघतोय तो कोण, हे फिरत राहतं. १९७८ मध्ये देरिदा ह्या फ्रेंच तत्त्वज्ञाचं एक वाक्य घेऊन त्याला पिळून काढलंय, मी बोलतो त्याच क्षणी मी मलाच ऐकतो, असा त्याचा अर्थ. त्याला हे इतकं का लागलं असेल ह्याचा मी विचार केला. इंग्रजीत "आय" म्हटल्याशिवाय वाक्यच उभं राहत नाही, जपानीत मात्र कर्ता बऱ्याचदा बोललाच जात नाही, समजून घ्यायचा. अशा भाषेतून आलेला माणूस न्यूयॉर्कमध्ये उभा राहून "आय ॲम" म्हणतो तेव्हा तो शब्द त्याच्या तोंडात खड्यासारखा लागणारच.

मला तो खडा माहीत आहे. मी बारावीनंतर दोन वर्षं पुण्यात होतो, होस्टेलवर. पहिल्याच आठवड्यात मी म्हटलं, "मी जेवून आलो", आणि खोलीतल्या तिघी माझ्याकडं बघत राहिल्या. मग मला शिकवायला लागल्या, आलो नाही, आले म्हण, मुलगी आहेस ना. मी महिनाभर प्रयत्न केला. प्रत्येक वाक्याच्या शेवटी क्रियापदाशी यायचं आणि थबकायचं, आपलाच आवाज आपल्याला बाहेरून ऐकू यायचा, कुणीतरी दुसरीच बोलतेय असं. सुट्टीला घरी आलो, आईला म्हटलं "मी आंघोळ करून येते", तर आई म्हणाली, "कोण येते?" ईमुराचा तो ओठ आणि आवाज न जुळणारा व्हिडिओ मी पहिल्यांदा बघितला तेव्हा तत्त्वज्ञान वगैरे काही आठवलं नाही, ते "कोण येते" आठवलं. म्हणून म्हणतो की ही कामं अवघड नाहीत, आपल्याकडं त्याचं कुलूप असेल तर किल्ली आपोआप लागते.

आणि ज्याच्यासाठी हा ब्लॉग लिहायला बसलो ते आता सांगतो. १९९३ चं त्याचं एक काम आहे, ए आय यु ई ओ एन एन असं रोमन अक्षरात नाव. त्यात ईमुराचा स्वतःचा चेहरा कॉम्प्युटरनं ताणलेला, वाकवलेला, आणि तो स्वर म्हणतोय. आ, इ, उ, ए, ओ, आणि शेवटी अनुनासिक न्. रोमन अक्षर दिसतं एक आणि उच्चार जपानी येतो, इंग्रजी माणूस ए वाचेल तिथं हा आ म्हणतो, आय वाचेल तिथं इ. ताणलेले चेहरे आज जरा जुने वाटतात, मोबाईलच्या फिल्टरमध्ये असलं रोज येतं, ते मला फारसं भावलं नाही. पण डोळे मिटून मी नुसतं ऐकलं. आ इ उ ए ओ अं. अरे हे तर आपलंच आहे की! मधले दीर्घ गाळले आणि ऐ औ काढला की आपली पाटीच.

आणि हा योगायोग नाही. जपानी मुळाक्षरांचा क्रम, आ इ उ ए ओ, मग क स त न ह म य र व, हा बौद्ध भिक्षूंनी संस्कृतचा आणि ती लिहायच्या जुन्या सिद्धम् लिपीचा अभ्यास केला त्यातून बसला. आपला क च ट त प य र ल व लक्षात घ्या आणि जपानीत नसलेली अक्षरं गाळत चला, ओळ जवळपास तीच राहते. स तेवढा चच्या जागी बसलाय आणि ह पच्या, कारण जुन्या जपानीत त्यांचे उच्चार वेगळे होते, ह चा उच्चार प सारखा होता. न् सगळ्यात शेवटी, आपला अं शेवटाला तसा. म्हणजे जपानी पोरगं पहिलीत जे घोकतं आणि आपलं बालवाडीतलं पोरगं जे घोकतं त्याचा आजा एकच. मी हे आईला सांगितलं, ती भाकरी थापत होती, ती म्हणाली, "मग काय, शिकवायचं म्हटलं की तोंड उघडायचं तसंच उघडणार." बरोबर आहे तिचं, तो क्रमच तोंडात जीभ कुठं लागते त्यावर लावलेला आहे.

तर मग मी मामाची पट्टी काढली.

३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फूटात १६ फ्रेम बसतात, सेकंदाला २४ लागतात, म्हणजे एक सेकंद बरोबर दीड फूट. बाराखडीत बारा. क ची बारा आणि ख ची बारा, चोवीस. एक सेकंद! हा हिशोब जुळला तेव्हा मला झोप आली नाही.

पट्टी पूर्ण काळी, त्यामुळं फ्रेम कुठं संपते ते दिसत नाही, कडेची भोकं मोजायची, चार भोकांना एक फ्रेम. ओठ ओला करून सुलटी बाजू बघितली, चिकटली. पहिल्या दिवशी कर्कटक घेतलं तर जोर जास्त पडून टोक आरपार घुसलं, अर्धा फूट वाया. मग आईची गोधडी शिवायची जाड सुई पेन्सिलीला दोऱ्यानं बांधून घेतली. ऑफिसात जुनं लाइट टेबल पडून आहे, पॉझिटिव्ह लावायचो त्या काळातलं, शेटना विचारून त्यावर बसलो, भिंग लावलं, आणि का चा काना ओढला.

तो हिरवा आला.

मला वाटलं डोळ्यांचा भास. परत त्याच रेघेवर सुई फिरवली तर पिवळा झाला, आणखी एकदा फिरवली तेव्हा पांढरा. मग मामाचं बोलणं आठवलं, जुन्या प्रिंटवर उभी हिरवी रेघ पडायची त्याला तो "प्रिंट हिरवी पडली" म्हणायचा. ही काळी पट्टी रंगीत प्रिंटच्या स्टॉकची होती. तिच्यावर रंगांचे तीन थर असतात, तिन्ही मिळून काळं दिसतं. वरचा किरमिजी थर गेला की हिरवं उरतं, त्याच्या खालचा निळसर गेला की पिवळं, आणि तोही गेला की नुसता पारदर्शक. ईमुराचं सगळं पांढरं कारण त्याची फिल्म काळी-पांढरी. माझा कि हिरवा आहे, कौ ची वरची मात्रा पिवळी, कं चा अनुस्वार एकदम पांढरा कारण तिथं मी सुई टेकवून फिरवली. रंग कुणी निवडला नाही, हाताच्या जोरानं निवडला. बावीस वर्षं मी अक्षराला रंग देतो तो आकडे टाकून देतो, सी इतका एम इतका वाय इतका. हाताचा जोर म्हणजे रंग, हे मला माहीतच नव्हतं.

चोवीस अक्षरांना दोन रात्री लागल्या, मान आखडली. प्रोजेक्टर कुठनं आणायचा, मग भाच्यानं सांगितलं तसं लाइट टेबलवर एकेका फ्रेमचा मोबाईलनं फोटो काढला, ॲपमध्ये चोवीसच्या वेगानं लावले. फट्. झालं. एक सेकंद. काही वाचता येत नाही, नुसती एक हिरवी-पिवळी वळवळ. पण आडवी रेघ, अक्षरांच्या डोक्यावरची, ती प्रत्येक फ्रेममध्ये साधारण एकाच उंचीवर आल्यामुळं ती मात्र टिकते, थरथरत जागेवर राहते आणि तिच्याखाली बाकी सगळं उकळत असतं. देवनागरी लटकणारी लिपी आहे हे मी पोरापोरींना शिकवताना शंभरदा सांगितलंय, पण ती खरंच लटकलेली मला त्या एका सेकंदात दिसली. ईमुराच्या जपानी चिन्हांना अशी रेघ नाही, ती चौफेर उडतात.

परवा सुट्टीला खरी कॉर्नरला कॅमेरा स्तंभाजवळनं चालत आलो. रोज तिथनं जातो, कधी थांबत नाही, त्या दिवशी थांबलो. बाबूराव पेंटरांनी कॅमेरा स्वतः बनवला, लेथवर भाग कातून, जुळवून, १९१८ च्या सुमाराला तो चालता केला आणि त्याच्यावर १९२० ला सैरंध्री आला. नाटकाचे पडदे रंगवणारा माणूस. आपण त्यांची गोष्ट सांगताना पुढं प्रभात आली, मग अमका स्टार तमका स्टार, इकडंच जातो. पण मला आता ते दिवस दिसतात जेव्हा कॅमेरा अर्धवट होता, गोष्ट नाही, नट नाही, नुसतं एक दातेरी चाक आणि भोकं असलेली पट्टी, आणि पट्टी नीट थांबते का पुढं सरकते का एवढंच बघत बसलेले ते दोघं-तिघं. ईमुरा पन्नास-साठ वर्षं तिथंच बसून राहिला. सगळे पुढं गेले, गोष्टीकडं, आणि हा माणूस चाक, उजेड, पट्टी, ओठ, आवाज, अक्षर ह्यांच्याकडंच बघत राहिला.

आईला तो एक सेकंद दाखवला, गल्लीकडच्या भिंतीवर, भाच्याच्या छोट्या प्रोजेक्टरनं. तिनं बघितलं आणि म्हणाली, "परत लाव." परत लावलं. "परत." सात-आठ वेळा झालं. मग म्हणाली, "खी दिसला मला. दादा पाटीवर काढायचा तसला, शेपूट लांब." मी फ्रेम बघितली. खी ची दुसरी वेलांटी खरंच माझ्या हातून लांब गेलीय, पार भोकापर्यंत.

काल ग आणि घ झाला. दोन सेकंद. साडेआठ फूट पट्टी शिल्लक आहे, आज रात्री च घेतो.